गाईचा खांब

वाटण्या झाल्या तेव्हा नवरा जाऊन वर्षही झालं नव्हतं. थोरल्या दिरांनी घर घेतलं, आमराई घेतली, आणि गावातल्या चार जाणत्या माणसांसमोर पडवीतल्या गाय बांधायच्या खांबाकडे बोट दाखवलं. "तो खांब नि त्याच्याभोवतीची जागा तिची." मला नाही सांगितलं, माणसांना सांगितलं, धाकट्या भावाच्या बायकोशी थेट बोलायची आमच्यात रीत नव्हती. जाऊबाई मात्र हसत थेट बोलल्या, "गाय बांध, नायतर स्वतःला बांधून घे." ते हसू मी गिळलं, पचवलं नाही.

त्या खांबाशीच गाय बांधली, चूल मांडली आणि दूध विकून दिवस काढले.

पुढे त्यांच्या मुलाचं लग्न ठरलं. खरेदीला मुंबईला गेलेले दीर आगबोटीतून उतरले ते तिथली हौस घेऊनच. सगळे खांब काढून पडवी ऐसपैस करायची, माझी चूल गोठ्यात हलवायची, असं परस्पर ठरलं होतं.

सुताराने आधी माडाच्या झावळीची हीर, पातीतली बारीक काडी, घेतली आणि एकेका खांबाच्या बुडाशी सरकवून पाहिली. दिरांनी मिरवायला बसवलेल्या नक्षीच्या खांबांखालून ती सुळकन आरपार गेली. त्यांच्यावर भारच नव्हता. माझ्या खांबाखाली ती शिरेचना, मोडली.

"दोन्ही तुळयांचा सांधा ह्याच्यावर हाय," सुतार म्हणाला. "ह्यो काढलात तर माजघर खाली येल. काढायचा तर आधी शेजारी दुसरा उभा कराया हवा, पन जागा वहिनींची."

मला इतका आनंद झाला की तो लपवावासाही वाटला नाही.

"तिला म्हणावं, चूल हलव," दीर सुताराला म्हणाले.

"त्यांना म्हणावं, माझी जागा हवी तर माझ्याशी बोला," मीही सुतारालाच म्हटलं.

ती चार माणसं अजून हयात होती, त्यामुळे जोर चालेना. संध्याकाळी दीर स्वतः पायरीखाली येऊन उभे राहिले. मान खाली. "जागा देशील काय गो?"

"नाही," मी म्हटलं. एवढ्या एका शब्दासाठी मी इतकी वर्षं थांबले होते.

पडवी होती तशीच राहिली. संगमेश्वराकडची नवी सून घरात यायच्या वेळी गाय वाटेत आडवी बसली होती. मी उठवली नाही. अशा वेळी विधवेने समोर येऊ नये म्हणतात. मी माझ्या जागेत बसले होते, खांबाला टेकून. वऱ्हाड वळसा घालून, शेण चुकवत आत शिरलं. मागे लुगड्याचा काठ उचलून जाऊबाई आल्या.

"सांभाळून या, जाऊबाई," मी म्हटलं. "मी इथेच बांधलेली आहे."