एक मिनिट गप्प

जळलेली मोटर खाला नुसत्या वासावरून ओळखायची. गल्ली तिला खालाच, म्हणजे मावशीच, म्हणे. अब्बांच्या मागे पंखे दुरुस्तीचं दुकान तिने बावीस वर्षं एकटीने चालवलं होतं. तोंड मात्र फटकळ. गिऱ्हाइकाने शहाणपण शिकवलं की उघडलेला पंखा ती तस्साच त्याच्या हातात द्यायची.

हल्ली तिच्या मनात एकच होतं. तंत्रशाळेत मोटरचं वाइंडिंग शिकवायला माणूस हवा होता. तिने अर्ज केला, तर मुख्याध्यापक म्हणाले, "हात चांगला आहे हो तुमचा, पण वर्गासमोर बोलता येईल का?" हे खालाला! आठ दिवस ती धुमसत होती.

तेवढ्यात मुस्लिम स्त्रियांच्या आयुष्यावर माहितीपट काढणाऱ्या एक दिग्दर्शिका दुकानात आल्या. खालाला वाटलं, चला, आता मुख्याध्यापकांना पडद्यावरच ऐकवू.

"आवाज येतोय, आधी पंखे बंद करा," साउंडवाला म्हणाला.

"अहो, पंखे चालू करण्यात जन्म गेला माझा," खाला म्हणाली, पण तिने ते बंद केले. मग घामाघूम होत पाऊण तास तांब्याची तार, वेढे, कपॅसिटर असं सगळं पोटतिडकीने समजावून सांगितलं.

दिग्दर्शिका हळव्या आवाजात म्हणाल्या, "पण खाला, आत, अगदी आत काय जळतं?"

"कॉइल."

शेवटी साउंडवाल्याने सगळ्यांना एक मिनिट गप्प बसवलं. त्याला रिकाम्या खोलीचा आवाज हवा होता म्हणे. कॅमेरा चालूच राहिला. खाला खिडकीतून समोरच्या गच्चीवर गंजत पडलेला पंखा बघत बसली, आणि त्या पंख्यासाठी तिचा जीव तुटत होता.

माहितीपट दाखवायच्या दिवशी मुख्याध्यापकांना तिने स्वतः जाऊन बोलावलं. पडद्यावर खाला खिडकीशी बसलेली. व्हायोलिन रडू लागलं. पडद्यामागून खालच्या पट्टीत निवेदिका म्हणाली, "हे शतकांचं मौन." ते पूर्ण मिनिटभर चाललं. कॉइलचा कुठे पत्ताच नव्हता.

"आपा, ही तू? गप्प?" धाकटी बहीण कुजबुजली. "तब्येत बरी नव्हती का?"

मुख्याध्यापक रुमालाने डोळे टिपत होते. खालाला वाटलं, झालं! मास्तरकी हातची गेली, आणि तीही आपणच आमंत्रण देऊन घालवली!

दिग्दर्शिकांनी तिला मंचावर नेऊन मिठी मारली. "खाला बोलणार नाहीत. त्यांचं मौनच बोलतं."

खालाने माइक काढून घेतला.

"मौन कसलं? मला गप्प बसवलं होतं. आता एक मिनिट तुम्ही सगळे गप्प बसा." तिने छताकडे बोट दाखवलं. "तो तिसरा पंखा बघा. कण्हतोय, म्हणजे बेअरिंग गेलंय. पण मंदही फिरतोय. ते का, सांगते."

तिने सांगायला सुरुवात केली. मिनिट कधीच उलटून गेलं. दिग्दर्शिका घड्याळ बघू लागल्या. मुख्याध्यापकांनी रुमाल खिशात घातला आणि पोरासारखा हात वर केला.

"मॅडम, एक शंका."