निळ्या दारासमोरची नऊ मिनिटे

आईला बर्लिनला न्यायच्या आठ दिवस आधी मी एकटीच तिथे जाऊन आले. ब्राउनश्वाइगला मी काँक्रीटवर पीएचडी करत होते आणि चाचणी घेतल्याशिवाय काहीही करायचे नाही ही सवय अंगात मुरली होती. आईचे गुडघे दुखतात, तिला फार वेळ उभे राहवत नाही. म्हणून तिला ज्या संग्रहालयात न्यायचे, तिथल्या रांगेत आधी आपण उभे राहून बघावे असे मला वाटले.

त्या संग्रहालयात बॅबिलोनचे निळे दार आहे. दार म्हणजे शहराची वेसच. अडीच हजार वर्षांपूर्वीची, चकाकत्या निळ्या विटांची, बैल आणि विचित्र सर्पमुखी जनावरे अंगावर वागवणारी. जर्मनांनी तिचे तुकडे पेट्यांत भरून आणले आणि एका दालनात ती पुन्हा उभी केली. तिच्यासाठी बाहेर सकाळपासून रांग लागते. पण एक दुसरी सोयही होती. मार्गदर्शकासह फेरी, जिला तिकडे फ्युरुंग म्हणतात, ती घेतली की रांग टाळून बाजूच्या दाराने आत सोडतात. तिकिटाची किंमत दुपटीहून जास्त. घ्यावी की नाही, एवढाच प्रश्न होता आणि मी तो पीएचडीचा प्रश्न असल्यासारखा हाताळत होते.

आईला हेच दार दाखवायचे, याला कारण होते. आमचे घर विटांवर चालते. कृष्णेच्या काठाला, कराडच्या खालच्या अंगाला, आमची वीटभट्टी आहे. मी काँक्रीट शिकायला परदेशी निघाले तेव्हा आप्पा, म्हणजे माझे वडील, येईल त्याला सांगायचे, "पोरगी काँक्रीटच्या घरात दिली. सासर मोठं हाय, पण आमचं त्येंच्याशी वैर."

आप्पा आदल्या चैत्रात गेले. भट्टी पेटलेली असताना त्यांना दवाखान्यात नेले, आणि पेटलेली भट्टी मध्येच थांबवता येत नाही. आई दवाखाना आणि भट्टी अशा दोन्हीकडे धावत राहिली. आग कधी दाबायची, कधी मोकळी सोडायची हे आप्पा धुराच्या रंगावरून ठरवत. तिला ते जमले नाही. भट्टी उघडली तेव्हा आप्पा नव्हते आणि निम्म्या विटा जास्त जळून काळ्या, वेड्यावाकड्या, काचेसारख्या झाल्या होत्या. आमच्याकडे अशा विटेला खंगर म्हणतात. ती बांधकामाला चालत नाही, खड्ड्यात भरायला घालतात. मी विमानाने पोचले ते दहाव्याला. अंगणात एका बाजूला खंगरांचा ढीग होता आणि आई त्याच्याकडे पाठ करून बसली होती. "त्येंची शेवटची भट्टी मी जाळली," एवढेच ती मला म्हणाली. नंतर तो विषय तिने काढला नाही.

पावसाळ्यात विटा पाडत नाहीत, म्हणून ती पुढच्या वर्षी जूनमध्ये माझ्याकडे आली. मधला हंगाम भट्टी थंडच होती. नदीकाठची जागा एका बिल्डरला हवी होती. काकांनी संमतीचा कागद तयार करून तिच्या पिशवीत घातला होता, दसऱ्यापर्यंत सही करून द्यायचा. काकांचे म्हणणे वाईट नव्हते. वहिनीने या वयात धुरात का उभे राहायचे? मीसुद्धा फोनवर तिला सही कर असेच म्हटले होते. हे कबूल करायला हवे, कारण पुढे जे झाले त्यात माझा शहाणपणा काही नव्हता.

तर ती चाचणी. आधी मी साध्या रांगेत उभी राहिले आणि घड्याळ लावले. आत जायला पन्नास मिनिटे लागली, त्यातली निम्मी उन्हात. बाहेर येऊन दुपारची फ्युरुंग घेतली. सात मिनिटांत आत. हातात पिवळी छत्री धरलेले एक उत्साही गृहस्थ आम्हाला हाकत होते. मी वहीत वेळ लिहीत गेले. ग्रीक वेदीपाशी पंचवीस मिनिटे, रोमन बाजाराच्या दारापाशी बारा आणि निळ्या दारापाशी नऊ. बसायला बाक किती, प्रसाधनगृह कुठे, घडीचे स्टूल कुठल्या कोपऱ्यात मिळते, हेही लिहिले. मार्गदर्शक काय म्हणाला त्यातले मात्र एकच वाक्य लिहिले, तेही पेन हातात होते म्हणून. सापडलेले तुकडे पुरेसे नव्हते, त्यामुळे पुष्कळशा विटा बर्लिनमध्ये नव्याने कराव्या लागल्या आणि तो निळा रंग जमेपर्यंत कितीतरी भट्ट्या वाया गेल्या.

घरी येऊन फायदे आणि तोटे असे दोन रकाने आखले आणि फ्युरुंग घ्यायचे ठरवले.

"रांगेत किती माणसं असत्यात?" आईने विचारले.

"दोनशे तरी."

"आन आपुन त्येंच्या म्होरनं जायाचं?"

"त्याचे पैसे भरलेत, आई. लबाडी नाही ती."

"लबाडी कोन म्हनतंय. पन बघत्याली की सगळी."

शनिवारी आम्ही गेलो. रांगेच्या कडेने जाताना आईने पदर डोक्यावर घेतला आणि खाली मान घालून चालली, जणू कुणी ओळखीचे भेटेल. बाजूच्या दारातून आत शिरलो. छत्री पिवळीच होती, पण धरणारी या वेळी एक तरुण मुलगी होती. वेदीपाशी आई बाकावर बसली. "काय म्हनती ती?" असे तिने दोनदा विचारले आणि देव आणि राक्षसांचे युद्ध आहे म्हटल्यावर "हां" म्हणून पुन्हा पाय चोळू लागली. सगळे चुकले, घरीच बसलो असतो तर बरे, असे मला वाटले.

मग आम्ही बाजाराच्या दारातून पलीकडे गेलो आणि वळून पाहिले. समोर ते निळे दार होते.

आईने पिशवी माझ्या हातात दिली. गुडघ्यावर हात ठेवून चालणारी ती बाई सरळ दारापाशी गेली आणि दोरीवरून पुढे वाकून एकेक वीट बघू लागली. छत्रीवाली मुलगी बॅबिलोनच्या देवतेबद्दल सांगत होती. नऊ मिनिटे झाली. छत्री वर गेली आणि गट पुढच्या दालनाकडे वळला.

"आई, चल."

"तू जा."

"अगं, ती फेरी पुढे चाललीय."

"जाऊ दे तिला. तिला उशीर व्हतोय. मला कुटं?"

छत्रीवाली मुलगी दारात थांबून माझ्याकडे बघत होती. दोन रकाने आखून, घड्याळ लावून घेतलेली ती फेरी. मी तिला हाताने जा म्हणून खुणावले. आयुष्यात कुठलीही गोष्ट अर्धी सोडताना मला इतके हलके वाटले नव्हते.

आई मान वाकडी करून विटेचा पृष्ठभाग तिरक्या उजेडात बघत होती. "ही खंगर हाय," ती म्हणाली.

"काय?"

"त्वांड बघ की तिचं. काच धरलीय. आपल्यात आग चढली की धरती तशी. पन ह्येंनी ती मुद्दाम धरवलीय, एकाच अंगाला. आतली वीट नीट भाजलीय आन वर काच." तिने मान दुसऱ्या बाजूला कलती केली. "मुद्दाम," असे पुन्हा स्वतःशीच म्हणाली.

"आन ही तर नवी हाय," म्हणत तिने बोट पुढे केले. लगेच कोपऱ्यातली पहारेकरी बाई आली. साठीच्या आसपासची, पांढऱ्या केसांची, गणवेश इस्त्रीचा. "बिट्टे," तिने कडक आवाजात म्हटले आणि मागे व्हायची खूण केली.

मी माफी मागितली आणि सांगितले की ही माझी आई, आमच्याकडे वीटभट्टी आहे, तिला हात लावायचा नव्हता, कुठल्या विटा नव्या आहेत ते ती दाखवत होती.

बाई माझ्याकडे आणि मग आईकडे बघत राहिली. "आल्झो," ती आपल्या "तर मग"सारखे म्हणाली, "मी इथे किती वर्षे उभी आहे. प्राध्यापक येतात, मंत्री येतात. वीट करणारं माणूस आजवर आलं नव्हतं." आणि मग परीक्षा घ्यावी तसे तिने विचारले, "कुठल्या नव्या?"

मी भाषांतर केले. आईने दोरीच्या अलीकडूनच दाखवायला सुरुवात केली. ही नवी. ही नवी. हा बैलाचा पाय जुना, त्याच्यावरची ओळ नवी.

"गेनाऊ," पहारेकरी बाई म्हणाली. थोड्या वेळाने पुन्हा म्हणाली, "गेनाऊ."

"काय म्हनती?"

"बरोबर आहे म्हणते."

"ते मला बी ठावं हाय. कशावरनं वळकलं ते इचारत न्हाई व्हय?"

मी विचारायच्या आधीच आईने सांगून टाकले. नव्या विटा सारख्या आहेत. सारखेपणाच त्यांचे पितळ उघडे पाडतो. जुन्या भट्टीत प्रत्येक विटेला आग वेगळी लागते, म्हणून शेजारच्या दोन विटांचा निळा कधी एक नसतो. पहारेकरी बाईने हे मान हलवत ऐकले, जाऊन घडीचे स्टूल आणले आणि दोरीच्या अगदी जवळ मांडले. इतरांना ती तिथे उभेही राहू देत नव्हती.

आई स्टुलावर बसली. "ह्या नव्या विटा कुनी केल्या?"

"इथल्याच लोकांनी. बर्लिनमध्ये." आणि मला वहीतले ते वाक्य आठवले. "तो निळा रंग जमत नव्हता म्हणे. पुष्कळ भट्ट्या वाया गेल्या त्यांच्या."

"किती?"

"आकडा नाही सांगितला. कितीतरी."

"एवढी शिकल्याली मानसं. त्येंच्या बी बिघडल्या?"

"हो."

"आन मग?"

"मग पुन्हा लावल्या."

लोक येत होते, फोटो काढत होते, जात होते. मी तिच्या मागे उभी होते. आप्पा गेल्यानंतर तिचे खांदे थोडे पुढे आले होते, ते मी रोज पाहत होते. त्या स्टुलावर ती हळूहळू ताठ बसली. असे खरेच झाले की मला तसे दिसावेसे वाटले, हे मी सांगू शकत नाही. पण अर्ध्या तासाने ती उठली तेव्हा गुडघ्यावर हात ठेवला नाही.

निघताना एका काचेच्या पेटीपाशी ती थांबली. आत एक साधी मातकट वीट होती आणि तिच्यावर ठसा उमटवलेला होता.

"ही कुनाची अक्षरं?"

"राजाचं नाव आहे. प्रत्येक विटेवर ठसा मारायचे."

आमच्या साच्यात आप्पांच्या नावाची दोन अक्षरे होती. तालुक्यातल्या कितीतरी भिंतींत ती गिलाव्याखाली आहेत. आईने पेटीवर बोट टेकवले आणि या वेळी पहारेकरी बाईने दुसरीकडे पाहिले.

परतीच्या गाडीत माग्देबुर्ग स्टेशन मागे पडल्यावर ती म्हणाली, "चूक माझी झाली ती कुटं, सांगू? मी धूर बघत व्हते. त्ये धूर बघायचं, कारन त्येंचं डोळं तसं व्हतं. मी हातानं बघाया पायजे व्हतं. भट्टीच्या भिंतीला हात लावला की मला आग कळती. चुलीची कळती न्हवं?"

"मग आता?"

"आता काय. साचं झिजल्यात, नवं कराया पायजेत."

संमतीचा कागद पिशवीतच राहिला. दसऱ्याला काकांनी तिला विचारले ते मी फोनवरून ऐकले.

"वहिनी, पुन्हा भट्टी बिघडली तर?"

"बिघडंल. मग फिरून लावीन."

"आणि साच्यात नाव कुणाचं घालायचं? दादा तर गेला. तुमचं घाला."

"त्या राजाला मरून अडीच हजार वर्सं झाली. त्येचं नाव कुनी बदललं न्हाई," आई म्हणाली. काकांनी "खरं आहे" म्हटले आणि पुढचा आवाज पुन्हा आईचाच होता. "गेनाऊ."

आता जर्मनीत कुणाचे आईवडील यायचे असले की मला फोन येतो. त्या संग्रहालयात रांग टाळणारी फ्युरुंग घ्यावी का, परवडते का, असे विचारतात. मी सांगते, घ्या. त्या बाजूच्या दारासाठी घ्या, म्हणजे पाय शाबूत राहतात. सांगणाऱ्याचे एखादे वाक्य वहीत टिपून ठेवा, कुठले उपयोगी पडेल ते आधी कळत नाही. आणि तुमचे माणूस जिथे थांबेल तिथे छत्रीला पुढे जाऊ द्या.

त्या दसऱ्यानंतरच्या जानेवारीत मी घरी गेले. भट्टी पेटलेली होती आणि आई भिंतीला तळहात लावून उभी होती. पहिल्या भट्टीत चार-पाचशे विटा कच्च्या राहिल्या होत्या, दुसरी चांगली निघाली होती. मी एक वीट दुसरीवर ठोकून पाहिली. खणखणीत वाजली. आप्पांची दोन्ही अक्षरे स्वच्छ उमटली होती, नव्या साच्यामुळे जरा जास्तच. शेडमधल्या टेबलावर त्या जुन्या ढिगातली एक खंगर होती, काळी-हिरवी, चकाकणारी. तिच्याखाली काकांचा तो कागद होता, सहीची जागा कोरी.

"फाडून टाकू का?" मी विचारले.

"ऱ्हाऊ दे," आई म्हणाली. "मागच्या कोऱ्या अंगाला हिशेब लिवता येतोय." आणि ती पुन्हा भट्टीकडे गेली.