त्या स्टुलावर कोण बसलं होतं

शोभाला एका प्लास्टिकच्या स्टुलाने मारलं.

त्या स्टुलावर एक सज्जन माणूस बसला होता.

आज तिला जाऊन वर्ष झालं. फोटोखाली ‘देवाची मर्जी’ लिहिणारे पुष्कळ आहेत. मी लिहिणार नाही. देवाचा यात काही संबंध नव्हता.

शोभा माझी मावसबहीण. माहेर हिमायतनगरकडचं, दिलेली चाकूर तालुक्यात. नवरा हैदराबादला ट्रकवर. घरात सासू, थोरले दीर दत्ताराव आणि त्यांची माणसं.

तोंडाची इतकी फटकळ की स्वतःच्या लग्नात गुरुजींना म्हणाली होती, “आवरा लवकर, पोळ्या गार होऊन राहिल्या.”

पण थोरल्या दिरासमोर मुकी.

तिच्या सासरी धाकटी सून थोरल्या दिराशी बोलत नाही. आवाजसुद्धा कानावर पडू द्यायचा नाही. जे सांगायचं ते लेकीमार्फत. “मोठ्या बाबांना सांग, जेवायला वाढलंय.” आणि मोठे बाबा तिथेच, चार हातांवर, सगळं ऐकत बसलेले.

मी चिडवायचे, “अगं, तुमच्या घरात दुभाषी ठेवा.”

“हाव ताई, ठेवतो. पण माणूस लई चांगला हाय.”

होताच.

छातीत गाठ लागली तेव्हा तिने सासूला सांगितलं. सासूने थोरल्या लेकाला एवढंच सांगितलं, “तिला बरं न्हाई, दवाखान्यात ने.” आई लेकाला याच्यापुढे काय सांगणार?

ऐन सोयाबीनच्या राशीत काम टाकून दत्ताराव तिला लातूरला घेऊन गेले.

दवाखान्यात पाटी होती. महिला पेशंटसोबत नातेवाईकाने आत थांबणे बंधनकारक.

दत्ताराव बाहेरच थांबत होते. डॉक्टरांनी हाक मारून आत घेतलं, स्टूल दाखवलं. “बसा. बाई माणसाला मी एकटं तपासत नसतो.”

पुढचं मला शोभाने सांगितलं, किमो चालू असताना. डोक्यावर केस नव्हते, पदर होता. नकला करून सांगत होती.

“डॉक्टर म्हणले, काय होतंय बाई? मी खाली बघून राहिले. मग दादाच म्हणले, जेवण जात न्हाई, अशक्तपणा हाय. डॉक्टर म्हणले, अजून काही? मी मान हलवली.”

“आणि गाठ?”

“ताई, दादा बिचारे भिंतीकडं तोंड करून बसले होते. पण कान कुठं भिंतीकडं होते?”

हे सांगून ती हसली. मला हसता आलं नाही.

डॉक्टरांनी साडीवरूनच पाठीला स्टेथोस्कोप लावला. बीपी बघितलं. टॉनिक लिहून दिलं.

पुन्हा गेली. तेच स्टूल. तेच टॉनिक.

संक्रांतीला माझ्याकडे नांदेडला आली, तेव्हा मला बाथरूममध्ये ओढून नेलं आणि दाखवलं. दुसऱ्या दिवशी लेडी डॉक्टरकडे नेलं. हात लावताच बाईंनी विचारलं,

“इतके महिने कुणाला दाखवलं नाही?”

शोभा म्हणाली, “दाखवायलाच गेले होते की.”

ती गेल्यावर मी लातूरच्या त्या डॉक्टरांना भेटले. आवाज चढवला नाही. मला ओळखणाऱ्यांना हे खरं वाटणार नाही.

“तुमच्याकडे सिस्टर नाही का?”

“आहे ना मॅडम. ती वॉर्डात असते. केबिनसाठी अजून एक ठेवणं परवडत नाही. आणि नातेवाईक असतोच की. उद्या कुणी आरोप केला तर साक्षीदार नको?”

“तो तिचा थोरला दीर होता.”

“मग चांगलंच की. घरचा माणूस.”

घरचा माणूस!

डॉक्टरसाहेब, तपासणीच्या खोलीत तिसरं माणूस असतं ते पेशंटला धीर यावा म्हणून. तिला विचारून. ती शिकलेली सिस्टर असते. पडदा कधी ओढायचा, हात कधी धरायचा, आणि घरच्या माणसाला चहा प्यायला कधी पाठवायचं, हे तिला कळतं. तुम्ही तिच्या जागी साक्षीदार बसवलात. तोही तुमच्या अब्रूचा. बाईची अब्रू बाईनेच सांभाळायची होती.

तिने सांभाळली. गाठीसकट.

आणि याचं गावात कौतुक! “डॉक्टर लई सभ्य हाय, बायकांना एकटं तपासत न्हाई.”

सासूने दवाखान्यात पाठवलं. दिराने नेलं. डॉक्टरांनी नियम पाळला. सगळे चांगले वागले आणि माझी बहीण मेली. शिव्या तरी कुणाला द्यायच्या?

हे वाचणाऱ्या दादांनो, भाऊंनो, घरातल्या बाईला दवाखान्यात न्याल तेव्हा दारात तिला एकच विचारा. आत कुणी थांबावं? ती ‘कुणीच नको’ म्हणाली, तर सिस्टर मागा. सिस्टर नाही म्हणाले, तर भांडा. तिथे भांडायला लाजू नका.

आज वर्षश्राद्धाला चाकूरकडे आलेय. दुपारी पंगती उठल्या. दत्ताराव जवळ येऊन उभे राहिले. वर्षभरात फार खंगलेत.

“ताई, खरं सांगा. त्या दिवशी मी भाईर गेलो असतो, तर ती बोलली असती का?”

मी भाषणं करणारी बाई. समजूत घालायचे शब्द माझ्याकडे ढिगाने आहेत. एकही काढला नाही.

“हाव दादा. बोलली असती.”

ते मग शोभाच्या फोटोकडे वळले.

“बोलायचं होतंस की गं पोरी. मी उठून गेलो असतो.”

एका घरात इतकी वर्षं राहून तिच्याशी थेट बोललेलं त्यांचं हे पहिलं वाक्य.

उत्तर द्यायला ती नव्हती. आणि निरोप पोचवायची सवय असलेली तिची लेक, सवयीने, फोटोकडे बघत उभी होती.

शोभा, तुला श्रद्धांजली.

भावपूर्ण म्हणवत नाही गं. अजून राग आहे.