‘माझं मी बघते’ म्हणणाऱ्या हौसाबाई

घोडेगावच्या बाजाराचा दिवस. दुकान उघडून मी नेहमीप्रमाणे मोबाइलवर हायकोर्टात त्या दिवशी लागलेल्या केसेसची यादी बघत होतो, तेवढ्यात शिनोलीहून हौसाबाईंच्या मुलीचा, मंगलचा फोन आला. “भाऊ, आई गेली...” मी नुसता “हो, हो” म्हणत राहिलो आणि अंगठा यादीतून खाली सरकतच राहिला. हौसाबाईंचं अपील त्याही दिवशी नव्हतं.

त्यांचं कसलं, अपील विमा कंपनीचं. त्यांचा सोपान नारायणगावच्या रस्त्याला जीप चालवायचा. समोरून ट्रकनं धडक दिली आणि तो जागीच गेला. अपघाताच्या दाव्यात आईला भरपाई मंजूर झाली, तर ट्रकची विमा कंपनी हायकोर्टात गेली. म्हणे, ही बाई मुलावर अवलंबून नव्हतीच. पुरावा? हौसाबाईंचंच तोंड.

उलटतपासणीत कंपनीच्या वकिलानं विचारलं होतं, “मुलाच्या कमाईवर जगत होतात का?” हौसाबाई ताठ झाल्या. “मेंढरं राखून पोरं वाढवलीत म्या. माझं मी बघते. कुनाच्या जिवावर न्हाई बसले.” मेंढरं विकून तेव्हा कैक वर्षं झाली होती. पिठापासून गुडघ्याच्या गोळ्यांपर्यंत सारं सोपान आणायचा. किराणा तर माझ्याच दुकानातून जायचा. पण चार परक्या माणसांत ‘पोराचं खाते’ असं त्या कशा म्हणणार? आणि मी शहाणा, मागच्या बाकावर बसून मनात वाहवा करत होतो. बाहेर आल्यावर म्हणालोसुद्धा, “झकास बोललात!” आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटते.

मग दर बाजाराला त्या यायच्या. चहाआधी काट्याशेजारी दोन लिंबं ठेवायच्या. “फुकटचं नगं.” चहा संपला की विचारायच्या, “लागली का वो आपली केस?” मी मान हलवायचो. वर्षानुवर्षं एवढंच बोलणं. खरं सांगतो, पुढे पुढे त्या लांबून दिसल्या तरी मला थकवा यायचा.

शेवटच्या खेपेला चहा निवला तरी त्या बसूनच होत्या. “भाऊ, सोपानचंच खात व्हते मी. तिथं बोलायची लाज वाटली... आता सांगितलं तर चालंल का?” “आपल्या वकिलांना विचारतो,” मी म्हणालो. पुढच्या बाजारापर्यंत विचारू, म्हणून राहून गेलं.

परवा वकिलांचा फोन आला. वारस म्हणून आता मुलीचं, मंगलचं नाव लावायचं आहे. तेव्हा मी त्यांना सगळं सांगून टाकलं, किराण्याचं आणि गोळ्यांचंही. ते म्हणाले, “शेटजी, हे तुम्ही तेव्हाच साक्षीला उभं राहून सांगायचं होतं.” त्यांचं काही खोटं नाही.

काट्याशेजारची ती शेवटची दोन लिंबं वाळून टणक झालीत. बायको म्हणते, टाकून द्या. बाजाराच्या दिवशी मी अजून यादी बघतो, लिंबांकडे बघतो आणि मान आपोआप हलते, नाही म्हणून. समोर विचारणारं कुणी नसतं.