तुकडी टेकडीवर आणणारा माणूस

रणभूमी पाहायला येणाऱ्यांना माहिती सांगण्यात गाईडमामांची एकतीस वर्षं गेली. शेवटची तुकडी कुठे पडली, असं कुणी विचारलं की त्यांचा हात बसथांब्यामागच्या टेकडीकडे जाई. लोक टोप्या काढत, दंगा करणारी मुलंसुद्धा गप्प होत.

खरी जागा अर्ध्या तासाच्या वाटेवर, ओढ्यापलीकडच्या माळावर होती. नोकरीच्या पहिल्याच वर्षी काही म्हाताऱ्या पाहुण्यांना तिथवर चालवेना, म्हणून मामांनी त्या दिवसापुरती तुकडी टेकडीवर आणली. दुसऱ्या दिवशीही तेच सोयीचं पडलं. पुढे टेकडीवर स्तंभ उभा राहिला, पाठ्यपुस्तकात तिचं चित्र आलं, आणि मामांची दातखीळ बसली.

आता टेकडीभोवती वाहनतळ व्हायचा होता. भरावाला लागणारा मुरूम माळावरून काढायचं ठरलं. मामा धापा टाकत इंजिनिअरच्या टेबलापाशी पोचले.

"साहेब, माळ खणू नका. माणसं आहेत तिथे."

"कुठली?"

"तुकडीतली. सगळीच्या सगळी."

इंजिनिअर हसला. "मामा, तिसरीत असताना तुमच्याच तोंडून टेकडी ऐकली मी. अंगावर काटा आला होता. आता निवृत्तीला आलात आणि लढाईच हलवताय?"

"तेव्हा खोटं बोललो."

"मग आज खरं बोलताय कशावरून?"

ज्या जुन्या गाईडने मामांना जागा दाखवली होती, तो केव्हाच गेला होता. कागद कसलाच नव्हता.

घरी बायको म्हणाली, "अहो, इतकी वर्षं पचलं ना? आता कशाला बोभाटा? लोक तोंडात शेण घालतील."

"घालू देत. पण ट्रकमधून कुणाला नेतायत, कळतंय का तुला?"

सकाळी खोदाईचं यंत्र माळावर आलं. मामा आडवे गेले, तशी दोघांनी त्यांना दंडाला धरून बाजूला केलं. मग मामा निघालेल्या मातीवर तुटून पडले. ज्यांना हात लागू नये म्हणून ते धावले होते, त्यांचंच एखादं हाड सापडावं म्हणून ते आता ढीग उपसत होते. नखं फाटली. अखेर बोटभर लांबीचा पिवळट तुकडा हाती आला.

"हे बघा! थांबवा!"

ड्रायव्हरने वाकून पाहिलं. "मामा, गुराचं असेल हो. गुरं मरतात की माळावर."

मामांनी तुकडा उलटसुलट करून पाहिला. त्यांनाही सांगता येईना. मागे ट्रक भरत होता.