आपांची किळस

आपा माणसाचं तोंड नंतर पाहायच्या, आधी हात हुंगायच्या. खरंच हुंगायच्या. नवा डॉक्टर असो, शिकाऊ नर्स असो, नाहीतर पेशंटच्या उशाशी बसलेली नणंद असो, आपा तळवा धरून नाकाशी न्यायच्या आणि साबणाचा वास आला नाही की तो खाली टाकून म्हणायच्या, "छी. जा, धुऊन ये." नर्स म्हणून वॉर्डातल्या माझ्या पहिल्याच दिवशी त्यांनी माझाही हात असाच टाकला होता. असा राग आला होता म्हणता! बॅग भरून सरळ मूर्तिजापूरला आईकडे निघून जावं असं वाटलं. पुढे कळलं की दवाखान्याचे प्रमुख असलेल्या आमच्या मोठ्या साहेबांचा हातही त्यांनी असाच खाली टाकला होता, तेव्हा कुठे जिवाला जरा बरं वाटलं.

दवाखान्याचं नाव मी सांगत नाही. अमरावती आणि अकोला यांच्यामध्ये कुठेतरी होता असं समजा. ते नाव तोंडावर आलं तरी मला शिसारी येते. आपा तिथे फिजिशियन होत्या आणि आमच्या बायकांच्या वॉर्डाच्या प्रमुख. माहेर अकोल्याचं, वडिलांचं कापडाचं दुकान. घरी उर्दू, वॉर्डात मराठी, आणि डोकं फिरलं की अस्सल वऱ्हाडी. खरं नाव दारावरच्या पाटीवर होतं, पण मेट्रनपासून झाडूवालीपर्यंत सगळे त्यांना आपाच, म्हणजे ताईच, म्हणायचे. किडकिडीत अंग, कोपरापर्यंत दुमडलेल्या बाह्या, आणि ओढणी पाठीमागे पिनेनं घट्ट बसवलेली, म्हणजे ती कुण्या पेशंटला लागायला नको.

त्यांना किळस यायची, पण तुम्हाआम्हाला येते त्याची नाही. पू, रक्त, उलटी यांचं त्यांना काही वाटायचं नाही. सडलेल्या जखमेवर त्या अशा वाकायच्या, जशी एखादी बाई चुलीवरची भाजी शिजली का पाहते. त्यांना किळस यायची ती आमची, कामचुकारपणाची. तापाच्या तक्त्यावर आम्ही सगळ्या पेशंटच्या श्वासाचा एकच आकडा लिहायचो. सगळीकडेच लिहितात. कोण मिनिटभर उभं राहून मोजणार? आपांनी तो तक्ता एकदा सगळ्यांसमोर वाचून दाखवला आणि म्हणाल्या, आपल्या वॉर्डातल्या बाया एका तालात श्वास घेतात, यांची लेझीमच बसवा. मग स्वतः प्रत्येकीच्या पोटावर हात ठेवून मोजत गेल्या. एक बाई धापा टाकत होती आणि तक्त्यात मजेत होती.

त्या वर्षांत सेप्सिसचे पेशंट आमच्याकडे थांबता थांबत नव्हते. जखमेतला, बाळंतपणातला किंवा लघवीतला जंतुदोष रक्तात उतरतो, ब्लडप्रेशर कोसळतं, लघवी आटते आणि माणूस हातचा जातो, तो हा आजार. कपाशीनं सगळ्यांच्या तोंडाला पानं पुसली होती. वेचणीची मजुरी बुडवून दवाखान्यात यायला कुणाला फुरसत होती? पायात पऱ्हाटीचा, म्हणजे कपाशीच्या वाळक्या झाडाचा, खुंट घुसलेला, त्यावर कुणी चुना भरलेला, कुणी बिब्बा लावलेला, आणि बाई ताप अंगावर काढत काढत शेवटी कुणाच्या तरी जीपमध्ये आडवी होऊन यायची.

अशा वेळी आपा कुणाची वाट पाहायच्या नाहीत. पहिलं अँटिबायोटिक आणायला नातेवाइकांना बाहेर पळवायचं नाही, ते वॉर्डाच्या कपाटात असलंच पाहिजे, हा त्यांचा कायदा. तपासणीसाठी रक्त काढायचं आणि लगेच इंजेक्शन द्यायचं, रिपोर्ट येईल तेव्हा येईल. सलाईन भराभर. लघवीची नळी घालून दर तासाला मोजायचं. आणि पुन्हा पुन्हा जाऊन बाईला नाव विचारायचं, गाव विचारायचं. "शांत झोपली आहे" हे वाक्य त्यांच्यासमोर उच्चारायची सोय नव्हती. "सेप्सिसची बाई झोपत नसते," त्या म्हणायच्या. "ती चालली असते, अन् तुमाले वाटते झोपली."

दुसरा त्यांचा शब्द म्हणजे "कायच्यावरून?" कुणी काही उपाय सुचवला की पुरावा मागणारा हा प्रश्न आलाच. एका जुन्या डॉक्टरांनी अनुभवाचा दाखला दिला तर म्हणाल्या, "अनुभव तं या खाटेलेही हाय. तुमच्यापेक्षा जास्त मरणं पाहिली तिनं." डॉक्टरांच्या नाकाला मिरच्या झोंबल्या, पण आपा स्वतःलाही सोडायच्या नाहीत. किडनी वाचावी म्हणून अशा पेशंटला थोडं डोपामिन द्यायची पद्धत तेव्हा सगळीकडे होती. आपाही वर्षानुवर्षं देत होत्या. त्याचा काही उपयोग नाही असं अभ्यासातून सिद्ध झाल्याचं वाचलं, त्या दिवशी त्यांनी आम्हा सगळ्यांना बोलावून सांगितलं की मी आजवर हे उगाच देत आले, आजपासून बंद. आमच्यातल्या काही जणी बाहेर येऊन हसल्या. चूक कबूल करणारा डॉक्टर त्यांनी पाहिलेलाच नव्हता.

आता शोभाचं सांगते. दर्यापूरकडच्या एका खेड्यातली बाळंतीण. सुईणीनं घरीच बाळंतपण केलेलं, वार नीट पडलेली नाही, आणि त्यातून ताप. बरोबर सासू. सकाळी ती आली तेव्हा आपांनी स्वतः पाहिलं, रक्त काढलं, पहिलं इंजेक्शन स्वतः दिलं. सलाईन जोरात चालू ठेवा, ब्लडप्रेशर आणि लघवी पाहत राहा, थोडी सावरली की गर्भपिशवी साफ करायला न्यायची आहे, असं बजावून त्या ओपीडीत गेल्या. ओपीडीत नेहमीप्रमाणे जत्रा होती.

आणि त्याच सकाळी आमच्याकडे पुढारी येणार होते. शेजारच्या वॉर्डात फवारणीचं औषध प्यालेला एक माणूस होता, त्याला भेटायला. कॅमेऱ्यासकट. मग काय विचारता! मेट्रननं आमच्या सकाळपाळीच्या सगळ्या सिस्टर पळवल्या. स्टोअरमधून नव्या चादरी निघाल्या, फिनाईल ओतलं गेलं, भिंतीवरचे पानाचे डाग खरवडले गेले. एरवी महिनोन् महिने मागून न मिळणारी उशी प्रत्येक खाटेवर आली. पुढारी गेले की हे सगळं परत स्टोअरमध्ये जाणार, हे प्रत्येकाला माहीत होतं.

मी दुपारपाळीला आले. सकाळची सिस्टर घाम पुसत म्हणाली, बाकी सगळं ठीक, ती नवी बाळंतीण मघापर्यंत तळमळत होती, आत्ता शांत झोपली. तेवढ्यात ओपीडी संपवून आपा आत आल्या आणि त्यांनी ते ऐकलं. सरळ शोभाच्या खाटेकडे गेल्या.

शोभाच्या अंगावर दोन गोधड्या होत्या. आपांनी त्या दूर केल्या. हातपाय गार, नखं निळसर, हाक मारली तर नुसती पापणी हलली. लघवीच्या पिशवीत काही नाही. सलाईनची बाटली सकाळी लावली तशी जवळजवळ भरलेली, आणि नळीवरची चाकी फिरवून पार बंद केलेली. सासू बाजूला उभी होती. लपवायचं तिच्या मनातही नव्हतं. ती सरळ म्हणाली की बाटलीला हात लावून पाहिला तर थंडगार. बाळंतिणीच्या अंगात असा गारवा सोडतात काय? पोरगी कुडकुडत होती, म्हणून बंद केली आणि पांघरूण घातलं. बंद केल्यावर पोरगी निजलीसुद्धा.

बाळंतिणीला गारवा लागू द्यायचा नाही, हे आमच्याकडच्या प्रत्येक बाईच्या हाडात बसलेलं आहे. माझ्या बाळंतपणात आईनं मला पाण्याचा घोटसुद्धा कोमट करून दिला होता. सासूनं सुनेला वाचवण्यासाठीच ते केलं होतं. पण आपा ओपीडीत गेल्यापासून त्या खाटेशी आमचं एकही माणूस फिरकलं नव्हतं, आणि तक्त्यावर मात्र सलाईन चालू, ब्लडप्रेशर ठीक, श्वास नेहमीचा.

मग आम्ही जे करायचं ते केलं. दुसऱ्या हाताला आणखी एक सुई, दोन्हीकडून सलाईन, ऑक्सिजन, ब्लडप्रेशर वर आणणारं औषध. बाळंतपणाच्या डॉक्टरीणबाईंना बोलावणं गेलं. नेमके तेव्हाच उशिरा निघालेले पुढारी आले, आणि कुणीतरी त्यांना आधी आमच्या वॉर्डात आणलं. मोठे साहेब हात जोडून पुढे, मागे कॅमेरा. साहेब आपांना म्हणाले, मॅडम, दोन मिनिटं इकडे या. आपांनी मान वर केली नाही. एका हातानं त्या शोभाची नाडी धरून होत्या. "बाहेर," एवढंच म्हणाल्या. पुढारी हसले, साहेबांचं तोंड उतरलं, आणि वरात शेजारच्या वॉर्डात गेली.

शोभा दिवेलागणीला गेली.

तोवर चादरी गोळा करायला स्टोअरचा माणूस आला होता. अंगाखालची चादर केव्हा मोकळी होईल, असं त्यानं मला विचारलं. मी त्याला काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही.

सासू खाटेच्या लोखंडी पायाशी खाली बसली होती. रडत नव्हती. आपा तिच्यासमोर फरशीवर बसल्या. मी त्यांना वॉर्डात कधी बसलेलं पाहिलं नव्हतं. म्हातारीनं विचारलं, "डॉक्टरीनबाई, म्या ते बंद केलं मनून गेली काय माही पोरगी?"

वॉर्डात मेट्रन होती, साहेब होते, सकाळची सिस्टर घरी न जाता भिंतीशी उभी होती. सगळ्यांना वाटलं, सुटलो. म्हातारीनं आपल्या तोंडानंच कबूल केलं.

"नाई माय," आपा म्हणाल्या. "तुले कोनी सांगितलंच नोतं. पाहाचं काम आमचं होतं. आमी नाई पाह्यलं, मनून गेली."

साहेब आपांना खोलीत घेऊन गेले. दार बंद होतं, पण आवाज बाहेर येत होता. पुढाऱ्याला बाहेर काढलं त्याबद्दल ते एक वाक्य बोलले असतील नसतील. सगळा त्रागा एकाच गोष्टीचा होता, की नातेवाइकासमोर असं बोलायची गरज काय होती? ती बाई स्वतःवर घेत होती ना? मग घेऊ द्यायचं. आपा म्हणाल्या, "छी."

महिना उलटायच्या आत आपांची दूर डोंगरातल्या आडबाजूच्या धारणीला बदली झाली. निरोपाचा समारंभ झाला नाही. मी एकटी स्टँडवर गेले होते. गाडी सुटेपर्यंत त्या मला नव्या पेशंटची लघवी किती झाली हेच विचारत राहिल्या. मला रडू आलं तर वैतागल्या आणि म्हणाल्या, ड्युटी टाकून इथे कशाला आलीस? गाडी हलल्यावर मात्र त्यांनी खिडकीतून मागे वळून पाहिलं.

त्यांच्या जागी आलेले डॉक्टर फार गोड माणूस. सगळ्यांशी हसून बोलायचे, म्हाताऱ्यांच्या पाठीवरून हात फिरवायचे. कुणी दगावलं की आकाशाकडे बोट करून म्हणायचे, आपण सगळे निमित्त. लोक त्यांच्या पाया पडायचे. मेट्रन खूश, साहेब खूश. मी पुढे निवृत्त होईपर्यंत त्याच वॉर्डात काम केलं, आणि आपा गेल्यावर तिथे एकही बाई आमच्या चुकीनं मेली नाही. सगळ्यांना देवानंच नेलं.