विहिरीवरचा नाग

निपाणीच्या स्टँडवर आप्पांनी माझी ट्रंक गाडीच्या टपावर चढवली आणि खिडकीशी येऊन म्हणाले, "तिकडं कोण कुठली म्हणून इचारलं तर खरं सांग. लाजू नगंस." आई तंबाखूच्या वखारीतून तशीच आली होती. सत्तरचं दशक संपत आलं होतं. बेळगावात इंजिनिअर झालेली आमच्या बुद्धवाड्यातली पहिली मुलगी अमेरिकेला शिकायला निघाली होती.

खरं सांगायची वेळच आली नाही. तिकडं कुणी विचारलं नाही. 'इंडियन' एवढं त्यांना पुरायचं.

तिथल्या कॉलेजात मी कॉम्प्युटरवरचा साहसाचा खेळ पहिल्यांदा पाहिला. चित्रं नाहीत, नुसती अक्षरं. तुम्ही कुठं उभे आहात ते मशीन सांगणार, पुढं काय करायचं ते तुम्ही टाइप करणार. शिक्षण संपल्यावर असे खेळ बनवणाऱ्या एका लहान कंपनीत लागले. पहिले दोन खेळ किल्ल्यांचे, राक्षसांचे केले. चांगले खपले. तिसरा मात्र माझा होता.

त्यात एक तहानलेली बाई आमच्या बेळगावकडच्या कणकुंबीसारख्या दाट रानातून एका गावात येते. 'पाणी काढ' असं टाइप केलं की मशीन लिहायचं : विहिरीवर चार माणसं उभी आहेत, ती म्हणतात, लांब हो. दोरी द्या, दागिने द्या, उत्तर तेच. मागं फिरून वस्तीतल्या सगळ्यांना घेऊन आलात तरच पाणी. ही माझ्या आईची गोष्ट होती. निपाणीला येण्याआधी, नव्या नवरीच्या वयात, तिच्या खेड्यात घडलेली.

मालकानं विचारलं, ही माणसं का अडवतात? मी सगळं सांगितलं. तो म्हणाला, फार जड होतंय, लोक करमणुकीसाठी खेळतात. मग मला न विचारता त्यांनी ती माणसं काढली आणि विहिरीवर नाग बसवला. पुंगी वाजवली की नाग डोलतो, पाणी मिळतं. खोक्यावर राजवाडा, हत्ती, नाग आणि माझं नाव. खेळ तुफान खपला. मासिकांनी लिहिलं, भारताच्या मातीतला अस्सल खेळ.

त्या वर्षी घरी आले तेव्हा तो खोका आणला होता. आईनं चित्रावर बोट ठेवलं.

"ह्यो नाग कशाला?"

"विहीर राखतो. आपल्या गावची विहीर गं, आई."

तिनं खोका खाली ठेवला. "नागानं मला कवाच आडवलं न्हाय. म्या गेले की त्यो आपला बाजूला व्हायचा. आडवलं माणसांनी. त्येंची नावं अजून ठावं हाईत मला. आन् तू नागावर घातलंस व्हय?"

"मी नाही, कंपनीनं केलं."

"वर नाव तर तुझंच हाय न्हवं?"

परत गेले ती थेट मालकासमोर उभी राहिले. म्हटलं, माणसं परत घाला, नाही तर माझं नाव काढा. तो हसला. तुझ्या नावामुळंच तर अस्सल वाटतं, म्हणाला. मी नोकरी सोडली. दोन मित्रांना घेऊन भाड्याच्या खोलीत तो खेळ पहिल्यापासून बनवला. या वेळी विहिरीवरच्या माणसांना आईनं सांगितलेली नावं दिली.

तो फारसा खपला नाही. लोक फोन करून भांडायचे, एकट्याला सुटत नाही म्हणजे खेळात चूक आहे. मी म्हणायची, चूक खेळात नाही. पण इतर कंपन्यांतले तरुण तो खेळत राहिले. राक्षस आणि किल्ले सोडून माणसांचे खेळ बनवायला लागले, आणि आम्ही हे तुमच्याकडून शिकलो असं सांगायला लागले. आता मला व्यासपीठावर बोलावतात. ओळख करून देताना मात्र नागाच्याच खेळाचं नाव घेतात. दर वेळी मी उठून दुरुस्ती करते. दर वेळी तितकीच चिडते.

ऐंशीचं दशक सरताना आई मला त्या खेड्यात घेऊन गेली. त्या चौघांपैकी एक जण जिवंत होता. "पोरगी लई मोठी झाली म्हणं, बसा, च्या घ्या," म्हणाला. घरातल्यांना स्टीलच्या पेल्यात चहा आला. आम्हाला बाहेरच्या कोनाड्यातले दोन कप काढून दिले. आई कपाकडं बघत राहिली.

"जुनं काय मनात धरू नगा, आक्का," म्हातारा म्हणाला.

"जुनं कुठलं?" आई म्हणाली. "कप तर नवा हाय."

चहा तसाच ठेवून आम्ही उठलो.

तुम्ही मागं राहिलेले विचारता, गावाची आठवण येत नाही का. माझ्यासारखे बाहेर पडलेले विचारतात, अजून एवढा राग कशाला. आठवण येते, आणि ती रागातूनच येते. तो राग ज्या एका बाईला समजावून सांगावा लागत नाही, ती जिथं असेल तिथं माझं घर आहे.